तिकांडं आणि त्याच्या खालचा धुरकट ठिपका

या संक्रांतीला चार दिवस गावी जाऊन आले. आमचं गाव अकोले तालुक्यात, घरामागे कांदा आणि गहू, आणि शेतीची लाईट त्या आठवड्यात रात्रपाळीची होती म्हणजे रात्री दहाला येणार, त्यामुळे कांद्याला पाणी द्यायचं ते रात्रीच. आप्पा सत्तरीला आलेत, गुडघा दुखतो, बिबट्याची भीती तर आमच्या भागात आता रोजचीच झालीय, तरी दारं धरायला तेच जाणार, ऐकत नाहीत. म्हणून मी पण गेले सोबत, हातात बॅटरी, आणि पुण्याहून येताना बॅगेत टाकलेली दहा बाय पन्नासची दुर्बीण गळ्यात.

मोटर चालू झाली, पाटात पाणी सुटलं, पहिल्या वाफ्याकडे वळवलं आणि मग आपल्याला वाफा भरेपर्यंत काही काम नसतं. बांधावर उभी राहून वर बघितलं तर मृग जवळजवळ डोक्यावर. अमावास्या दोन-तीन दिवसांवर आलेली, चंद्राचा पत्ता नाही, शेजारी मिथुनेत गुरू झगझगतोय, आणि आकाश इतकं काळं की मला पुण्यात गच्चीवरून वर्षभर जेवढे तारे दिसतात तेवढे एका कोपऱ्यात दिसत होते. आप्पा फावड्यावर रेलून म्हणाले, "तिकांडं आलं बघ डोक्यावर. ते मावळतीला टेकलं की चार वाजत्यात, तवर हा सगळा तुकडा उरकंल."

तिकांडं म्हणजे मृगाच्या पोटातले ते तीन तारे, एका रेषेत, सारख्या अंतरावर. ज्याला दुसरं काहीही ओळखता येत नाही त्यालाही ते तीन ओळखता येतात. आप्पांचं हे रात्रीचं घड्याळ आहे आणि ते अगदी बरोबर चालतं, फक्त महिन्याप्रमाणे हिशोब बदलायचा. मार्गशीर्षात तिकांडं मावळतं तेव्हा उजाडायला आलेलं असतं, पौषात चारच्या सुमारास, माघात दोन-तीनलाच. तारे रोज साधारण चार मिनिटं लवकर उगवतात म्हणून असं होतं. आप्पांना मिनिटं माहीत नाहीत पण महिन्याचा फरक बरोबर माहीत आहे, आणि मार्गशीर्ष या महिन्याचं नावच मुळी मृगशीर्षावरून पडलंय कारण त्या महिन्याची पौर्णिमा तिथे होते.

मला या शब्दाची गंमत खूप उशिरा कळली. ऐतरेय ब्राह्मणात गोष्ट आहे, प्रजापती हरणाचं रूप घेऊन स्वतःच्याच मुलीच्या, रोहिणीच्या मागे लागला, देव चिडले, आणि मग त्याला बाण मारला गेला. तो मारणारा म्हणजे मृगव्याध, आपला व्याधाचा तारा. आणि जो बाण मारला त्याला तिथे शब्द वापरलाय त्रिकांड, तीन कांड्यांचा बाण. आप्पा चौथीपर्यंत शिकलेत, ब्राह्मणग्रंथ वगैरे त्यांनी नावानेही ऐकलेले नाहीत, पण तिकांडं त्यांच्या तोंडात आहे, त्यांच्या वडलांच्या तोंडात होतं. काही हजार वर्षं हा शब्द रात्री जागणाऱ्या माणसांनी एकमेकांना देत देत आमच्या कांद्याच्या वाफ्यापर्यंत आणला. ग्रीक लोकांनी याच ताऱ्यांत ओरायन नावाचा शिकारी बघितला आणि हे तीन तारे त्याचा कमरपट्टा केले, आपल्याकडे शिकार झालेलं हरीण बघितलं. मला आपलं चित्र जास्त पटतं कारण त्यात सगळं एकमेकाला धरून आहे, बाणाची रेष खाली वाढवली की व्याध सापडतो, वर वाढवली की रोहिणी, आणि तशीच पुढे गेली की कृत्तिकांचा पुंजका.

एक गोष्ट लोक मला नेहमी विचारतात की मृग तर जूनमध्ये लागतं ना, मग जानेवारीत कसं काय दिसतं? सात-आठ जूनला मृग नक्षत्र लागतं म्हणजे सूर्य त्या दिशेला येतो, म्हणजे नेमकं तेव्हा मृग दिवसा उगवतं, दिवसा मावळतं आणि सूर्याच्या उजेडात अजिबात दिसत नाही. ज्या नक्षत्रावर आख्खा महाराष्ट्र पेरणीसाठी डोळे लावून बसतो ते त्या पंधरवड्यात आकाशात बघायला मिळत नाही. ते बघायचं तर सहा महिने थांबायचं आणि थंडीत घोंगडी पांघरून बाहेर यायचं.

आता मला ज्याच्याबद्दल लिहायचंय ते सांगते. लहानपणापासून मृग म्हटलं की डोळ्यासमोर एक सपाट चित्र होतं, काळ्या पाटीवर खडूने ठिपके काढावेत तसं. चार पाय, पोटात बाण, वर तीन अंधुक ताऱ्यांचं डोकं, बाणाच्या खाली लोंबणारं छोटंसं शेपूट. पण हे चित्र सपाट नाहीये. ते प्रचंड खोल आहे आणि त्यात एकाच वेळी वेगवेगळ्या शतकातला उजेड आपल्या डोळ्यात येतोय.

बाण सरळ समोर धरून दक्षिणेकडे तोंड करून उभं राहिलं की वरच्या बाजूच्या दोन पायांपैकी उजवीकडचा तारा बेलाट्रिक्स, तो अडीचशे प्रकाशवर्षांवर, प्रकाशवर्ष म्हणजे उजेड एका वर्षात जेवढं अंतर कापतो तेवढं. म्हणजे त्याचा आज दिसणारा उजेड निघाला तेव्हा पुण्यात पेशवाई होती. त्याच्या खालचा, उजव्या कोपऱ्यातला निळसर पांढरा म्हणजे राजन्य, इंग्रजीत रायगेल, तो साधारण ८६० प्रकाशवर्षांवर. त्याचा उजेड निघाला तेव्हा आपले भास्कराचार्य हयात होते. मला हे पहिल्यांदा लक्षात आलं तेव्हा मी दोन दिवस तेच सगळ्यांना सांगत होते. इतक्या लांबून तो एवढा ठळक दिसतो कारण तो सूर्याच्या लाखपटीहून जास्त तेजस्वी आहे. सूर्याच्या जागी त्याला ठेवला तर आपलं काही खरं नाही.

आणि डावीकडे वर तांबूस तारा, काक्षी, म्हणजे बीटलज्यूस. राजन्य आणि काक्षी आलटून पालटून बघा, डोळ्यांनी रंगातला फरक लगेच कळतो. लोहाराच्या भट्टीत लोखंड आधी लाल होतं आणि अजून तापलं की पांढरं होत जातं, ताऱ्यांचं तेच आहे, काक्षीचा पृष्ठभाग साडेतीन हजार अंशांच्या आसपास आणि राजन्याचा बारा हजारांच्या. पण काक्षी थंड असला तरी आकाराने राक्षस आहे, सूर्याच्या जागी ठेवला तर बुध, शुक्र, पृथ्वी, मंगळ सगळे त्याच्या पोटात जातील. आणि वय? एक कोटी वर्षंसुद्धा नाही. आपला सूर्य साधारण ४६० कोटी वर्षांचा आहे आणि अजून मध्यम वयातच आहे, आणि हा कालचा पोर म्हातारा होऊन मरायला टेकलाय, कारण जेवढं वजन जास्त तेवढं इंधन भसाभस जळतं.

२०१९ च्या दिवाळीनंतर काक्षी मंदावायला लागला होता. मी तेव्हा रोज ऑफिसमधून आल्यावर बघायचे आणि जानेवारी संपेपर्यंत तो समोरच्या बेलाट्रिक्सएवढाच दिसायला लागला, फेब्रुवारी २०२० मध्ये तर सगळ्यात फिका झाला. व्हॉट्सॲपवर सगळीकडे आता तो फुटणार, सुपरनोव्हा होणार असे मेसेज फिरत होते. फुटला नाही. नंतर समजलं की त्याने गरम वायूचा एक मोठा लोट बाहेर टाकला होता, तो थंड होऊन त्याची धूळ झाली आणि ती धूळ आपल्या आणि त्याच्या मध्ये आली. तो फुटणार हे नक्की, पण एक लाख वर्षांच्या आत कधीही, इतकाच अंदाज आहे. आणि जुलै २०२५ मध्ये अजून एक बातमी आली, हवाईमधल्या जेमिनी नॉर्थ दुर्बिणीतून त्याच्या अगदी जवळ, जवळजवळ त्याला चिकटून फिरणारा एक छोटा जोडीदार तारा दिसल्यासारखा वाटतोय. त्याच्या तेजात सहा वर्षांच्या आसपासचा एक चढउतार वर्षानुवर्षं दिसायचा त्याचं कारण हा जोडीदार असावा असं आधीच काही जणांनी मांडलं होतं. एवढा ओळखीचा तारा, आणि त्याच्या घरात अजून एक जण राहतो हे आपल्याला आत्ता कळतंय.

पण त्या रात्री मी दुर्बीण लावली ती काक्षीला नाही, शेपटाला. बाणाच्या खाली तीन बारीक तारे एकाखाली एक लोंबल्यासारखे दिसतात, त्यातला मधला नीट बघा. तो टोकदार दिसत नाही. डोळे चोळले, चष्मा पुसला तरी तो धुरकटच राहतो. लहानपणी मला वाटायचं माझाच नंबर वाढलाय. दुर्बिणीतून बघितलं की कळतं, चष्म्याच्या काचेवर श्वास सोडल्यावर जसा वाफेचा डाग येतो आणि कडांनी विरत जातो, तसा एक राखाडी ढग आहे आणि त्याच्या पोटात तारे चमकतायत. हा मृगातला मोठा तेजोमेघ, एम बेचाळीस. साधारण १३५० प्रकाशवर्षांवर आणि या टोकापासून त्या टोकापर्यंत वीसेक प्रकाशवर्षं. याचा उजेड निघाला तेव्हा आपल्याकडे बदामीच्या चालुक्यांचं राज्य होतं.

फोटोत हा गुलाबी-लाल-जांभळा दिसतो आणि प्रत्यक्ष बघितल्यावर लोक हिरमुसतात, की हे काय, नुसता राखाडी डाग. तर फोटो खोटे नसतात. अंधारात आपल्या डोळ्यातल्या ज्या पेशी काम करतात त्यांना रंग कळत नाहीत, एवढंच. कॅमेरा मिनिटामागून मिनिटं उजेड साठवत बसतो, आपला डोळा साठवत नाही. आणि माझं प्रामाणिक मत असं की तो राखाडी डागच जास्त भारी आहे कारण तो उजेड १३५० वर्षं प्रवास करून माझ्या स्वतःच्या डोळ्यात पडलाय, मध्ये कोणी नाही.

हा ढग मुख्यतः हायड्रोजनचा. तो उजळतो कारण त्याच्या मधोमध चार तारे दाटीवाटीने आहेत, ट्रॅपेझियम म्हणतात त्यांना, माझ्या दुर्बिणीत ते सुटे दिसत नाहीत पण छोट्या टेलिस्कोपमधून चारही मोकळे दिसतात. गॅलिलिओने १६१७ मध्ये त्यातले तीन बघून कागदावर मांडले होते. त्यातला सगळ्यात दांडगा तारा एकटाच सूर्याच्या तीसपटीहून जास्त वजनाचा, त्याच्या अतिनील किरणांनी सगळा वायू पेटल्यासारखा चमकतो. हे तारे फार तर दहा-वीस लाख वर्षांपूर्वी याच ढगातून जन्मले आणि आजूबाजूला अजून हजारो नवे तारे आहेत, काही तर धुळीच्या गुंडाळीतून अजून बाहेर पण आलेले नाहीत. म्हणजे आपल्या हरणाच्या एका पायात एक तारा मरायला टेकलाय आणि शेपटात नवे जन्मतायत, आणि हे सगळं वीतभर अंतरात.

आणि ग्रह? हेच मला सगळ्यात जास्त वेड लावतं. १९९० च्या दशकात अवकाशातल्या हबल दुर्बिणीने या ढगात डोकावलं तेव्हा नव्या ताऱ्यांभोवती धुळीच्या चकत्या दिसल्या, चमकत्या ढगासमोर काळ्या सावलीसारख्या. आतापर्यंत अशा दीडशेहून जास्त सापडल्यात. ग्रह अशाच चकत्यांमध्ये घडतात, आपली पृथ्वीही अशाच एका चकतीत घडली. पण ट्रॅपेझियमच्या जवळ ज्या चकत्या आहेत त्यांचं नशीब खडतर आहे, तो दांडगा तारा त्यांच्यावर किरणांचा एवढा मारा करतो की त्यांचा वायू उडून जातो आणि मागे शेपटी निघते, डबक्यातल्या बेडकाच्या पिल्लांसारखी, आणि सगळ्या शेपट्या त्या ताऱ्यापासून उलट्या दिशेला. म्हणजे तिथे शर्यत चालू आहे, चकती उडून जायच्या आत ग्रह घडतो का नाही याची. २०२३ मध्ये अवकाशातल्याच जेम्स वेब दुर्बिणीला अशाच एका मार खाणाऱ्या चकतीत कार्बनचा एक विशिष्ट भारित रेणू सापडला, मिथाइल कॅटायन, जो अवकाशात आधी कधीच सापडला नव्हता आणि ज्याच्यापासून पुढे कार्बनची गुंतागुंतीची रसायनं तयार व्हायला सुरुवात होऊ शकते. गंमत म्हणजे त्याला लागणारी ऊर्जा बहुतेक त्या विध्वंसक किरणांतूनच मिळते. जे किरण चकती उद्ध्वस्त करतात तेच तिच्यात रसायन शिजवतात.

त्याच वर्षी जेम्स वेबनेच अजून एक कोडं घातलं. त्या ढगात गुरूएवढ्या वजनाचे शेकडो गोळे मोकळे फिरताना दिसले, कुठल्याच ताऱ्याभोवती नाहीत, आणि त्यातल्या चाळीसेक ठिकाणी तर जोड्या, दोन-दोन एकमेकांभोवती. जंबो नाव दिलं त्यांना. तारा म्हणावं तर फार हलके, ग्रह म्हणावं तर सूर्य कुठंय यांचा? आणि ताऱ्याजवळून ग्रह फेकला गेला असं धरलं तरी जोडीने कसे फेकले जातील? पुढच्या वर्षी दुसऱ्या एका शास्त्रज्ञाने तीच निरीक्षणं तपासून म्हटलं की यातले बरेचसे मृगातले नाहीतच, मागे फार लांब असलेले तारे नाहीतर दीर्घिका, म्हणजे आपल्या आकाशगंगेसारखे ताऱ्यांचे प्रचंड समूह आहेत, धुळीमुळे लालसर दिसतायत. वाद मिटलेला नाही. मला असे वाद आवडतात, बातमी आली की टाळ्या आणि मग विसरलं यापेक्षा कोणीतरी परत जाऊन एकेक ठिपका तपासतंय हे बघायला.

हरणाच्या डोक्याच्या बाजूला पण असंच एक प्रकरण आहे. जीडब्ल्यू ओरायनिस म्हणून तारा आहे, खरं तर तीन तारे एकत्र, आणि त्यांच्याभोवती धुळीची तीन कडी, पण एका पातळीत नाहीत, एकमेकांना तिरकी. तिथे तिन्ही ताऱ्यांभोवती फिरणारा ग्रह असेल तर ही कडी अशी वेगळी होऊ शकतात असं काही शास्त्रज्ञांचं म्हणणं आहे, तो ग्रह अजून दिसलेला मात्र नाही. तीन सूर्य असलेल्या ग्रहावर दिवस-रात्रीचं काय होत असेल याचा विचार करत मी एकदा स्वारगेटचा माझा स्टॉप सोडून पुढे गेले होते.

आणि मग जुलै २०२५. मृगातल्याच ढगांमध्ये, १३०० प्रकाशवर्षांवर, हॉप्स-३१५ नावाचा एक तान्हा तारा, पुढे जाऊन आपल्या सूर्यासारखा होणारा. जेम्स वेब आणि चिलीमधली अल्मा अशा दोन दुर्बिणींनी मिळून तिथे बघितलं की चकतीतल्या गरम वायूचं गोठून घन कणांमध्ये रूपांतर व्हायला नुकती सुरुवात झालीय. सिलिकॉन आणि ऑक्सिजनचा वायू, आणि त्याच्यासोबत त्याचेच स्फटिक. ग्रह नाही, ग्रहाचा दगड नाही, त्या दगडाचा पहिला कण. आपल्या सूर्यमालेत हे ४५७ कोटी वर्षांपूर्वी झालं आणि त्या वेळचे कण अजून काही उल्कापाषाणांत अडकलेले सापडतात. आपण ती सुरुवात फक्त दगड फोडून वाचत होतो, आता तीच दुसरीकडे कुठेतरी घडताना दिसतेय. मी ही बातमी रात्री मोबाईलवर वाचली आणि उठून खिडकीत जाऊन उभी राहिले, जुलैमध्ये मृग रात्री दिसत नाही आणि बाहेर धो धो पाऊस होता हे माहीत असून.

घोड्याच्या डोक्याच्या आकाराचा प्रसिद्ध काळा तेजोमेघ पण इथेच आहे, तिकांड्याच्या डावीकडच्या खालच्या ताऱ्याला लागून. १८८८ मध्ये विल्यमिना फ्लेमिंग यांनी हार्वर्डच्या फोटोप्लेटवर तो शोधला. त्या तिथल्या वेधशाळेच्या संचालकांच्या घरी आधी मोलकरीण म्हणून कामाला होत्या आणि पुढे त्यांनी हजारो ताऱ्यांचं वर्गीकरण केलं. दुर्बिणीतून तो दिसत नाही, मोठा टेलिस्कोप असला तरी अवघड, त्यामुळे दिसला नाही तर वाईट वाटून घेऊ नका.

बघायचं असेल तर फेब्रुवारी संपेपर्यंत रात्री आठ-नऊला बाहेर पडा, मृग वर असतो. शहरातून तिकांडं आणि चार पाय दिसतातच. शेपटातला ढग बघायचा तर गावाबाहेर, चंद्र नसताना, आणि मोबाईल खिशात. अंधाराला डोळे सरावायला वीस मिनिटं तरी लागतात आणि स्क्रीन एकदा बघितली की परत पहिल्यापासून. दुर्बीण पक्ष्यांसाठी वापरतात ती सुद्धा चालते, फक्त कोपर कशावर तरी टेकवा, हात हलला की सगळं हलतं.

आमची पण उजेडाचीच अडचण होती. बिबट्यामुळे आप्पा बॅटरी बंद करू देईनात. शेवटी दोन वाफ्यांच्या मधल्या वेळात, मोटरीच्या खोलीच्या भिंतीला पाठ लावून, त्यांनी पाच मिनिटं बॅटरी विझवली. मी दुर्बीण त्यांच्या गळ्यात घातली, टोपी मागे सरकवली, तिकांड्यावरून खाली कसं यायचं ते सांगितलं. बराच वेळ ते "काय न्हाई दिसत, निसता अंधार" म्हणत होते, मी फोकसचं चाक त्यांच्या बोटाखाली धरून फिरवलं, आणि मग ते एकदम गप्प झाले.

"धुरळा हाय का गं त्यो?"

मी म्हटलं, हो आप्पा, धूळ आणि वायू, त्यातूनच तारे होतात. आणि ताऱ्याभोवती जी धूळ उरते तिच्यातून पृथ्वीसारखे गोल.

"आन ते झाल्यात का अजून व्हायाचेत?"

काही झालेत, काही आत्ता होतायत, म्हटलं. त्यांनी अजून थोडा वेळ बघितलं, मग दुर्बीण माझ्या हातात दिली, बॅटरी लावली आणि फावडं घेऊन निघाले, वाफा भरून पाणी पलीकडे फुटायला लागलं होतं. घरी आलो तेव्हा सव्वाचार झाले होते आणि तिकांडं डोंगराच्या कडेला टेकलेलं.